लिल्याच्या खाटेसमोरचं चित्र

आस्टा आणि तिचा नवरा वॉल्टर विनिपेगहून पोचले तेव्हा सोल्वेगआत्या बाहेर पायरीवर बसून सिगारेट ओढत होती. अंगात भावाचा, ग्रिमुरचा जुना कोट, पायात ग्रिमुरचेच गमबूट. एप्रिल अर्धा सरला तरी सरोवरावरून येणारा वारा बोचत होता, आणि सत्तरीला टेकलेली बाई अशी उघड्यावर बसलीय म्हणजे आत काहीतरी बिनसलंय, हे आस्टाला गाडीतूनच कळलं.

"आत्या, इथे काय करतेस?"

"आत तुझा बाप बसलाय."

"मग?"

"मग मी बाहेर बसलेय. जा, बघ जाऊन. सकाळच्या कॉफीपासून हलला नाहीये."

ग्रिमुर खरोखरच हलला नव्हता. स्वयंपाकघराला लागून असलेल्या छोट्या खोलीत, चित्राच्या बरोबर खाली खुर्ची टाकून, हाताची घडी घालून तो बसला होता. डोक्यावर टोपी तशीच. समोर लिल्याची, आस्टाच्या आईची खाट. जिने चढणं संपलं तेव्हापासून तीन वर्षं लिल्या याच खोलीत होती आणि ऑक्टोबरात इथूनच गेली. खाट त्याने काढू दिली नव्हती. दर रविवारी चादर बदलायचा, आजही बदललेली होती. आज तिचा वाढदिवस होता, ती नसतानाचा पहिला.

"बाबा, काय चाललंय हे?"

"बसलोय."

"जेवायला येणार ना टेबलावर?"

"नाही. ताट इथे दे. मी उठलो की ती रंग घेऊन आत घुसणार."

आस्टाने खिडकीकडे पाहिलं. खिडकीत आत्याची रंगांची लाकडी पेटी होती आणि तिच्याशेजारी पांढऱ्या रंगाचा एक न फोडलेला डबा.

तिला हे सगळं आपल्यामुळेच घडलंय असं वाटलं. चित्र प्रदर्शनाला द्यायला बाबांना तिनेच राजी केलं होतं. विनिपेगच्या कलादालनात जूनमध्ये आत्याचं आयुष्यभराचं काम मांडलं जाणार होतं आणि पहिल्याच भिंतीवर हे चित्र लागणार होतं. चित्र आईचं, म्हणून खाली छोट्या पाटीवर तिचं नाव येणार होतं. आईचं नाव कुठे छापून आलं होतं ते फक्त मृत्यूच्या बातमीत. आणखी एकदा यावं, चांगल्या कारणासाठी यावं, एवढीच आस्टाची इच्छा. उद्या सोमवारी चित्र न्यायला माणसं येणार होती.

"ती म्हणते ते लाल पुसायचंय," ग्रिमुर म्हणाला. "उगाच आलेलं आहे म्हणे."

आस्टाने चित्राकडे पाहिलं. जन्मल्यापासून ती ते पाहत आली होती, त्यामुळे नीट असं कधी पाहिलंच नव्हतं. लाकडी फळीवर आडव्या पांढऱ्या, राखी पट्ट्यांवर पट्टे. आणि खाली डाव्या कोपऱ्यात तळहाताएवढा लाल रंग, बोटीच्या तळाला लावतात तो.

ज्या हिवाळ्यात आस्टा आईच्या पोटात होती, त्या हिवाळ्यात आत्या टोरांटोहून हरून परत आली होती. त्याआधी तिने मासे साफ करण्याच्या कारखान्यात तीन उन्हाळे राबून चित्रकलेच्या शाळेची फी जमवलेली, मोठ्या शहरात जाऊन कॅफेत बश्या विसळलेल्या, आणि शेवटी एकदाचं प्रदर्शन मांडलं तर एकाने वर्तमानपत्रात लिहिलं होतं की भिंती रंगवून झाल्यात, आता चित्रं कधी लावणार? छत्तीस वर्षांची बाई एक बॅग घेऊन भावाच्या दारात उभी राहिली. लिल्याने काही विचारलं नाही. जाळी ठेवायच्या खोपटात स्टोव्ह पेटवून दिला आणि म्हणाली, इथे कुणी येत नाही, काढ काय काढायचं ते.

त्या खोपटात हे चित्र झालं. मार्चमध्ये टोरांटोहून शिकवायच्या नोकरीचा निरोप आला, तशी आत्या चित्र लिल्याला देऊन घाईघाईने निघून गेली. पुढे तिची पांढरी चित्रं युरोपापर्यंत गेली. तिच्यावर पुस्तकं निघाली. त्या प्रत्येक पुस्तकात या चित्राचा फोटो असायचा, कारण सगळं इथून सुरू झालं असं जाणकार म्हणत. फक्त तो फोटो काळापांढरा होता. कुणा वार्ताहराने एकदा या खोलीत येऊन काढलेला. त्यात लाल रंग राखी दिसायचा. तिचं पहिलं पांढरं चित्र, असं सगळ्यांनी लिहिलं, आणि आर्नेस या त्यांच्या गावाबाहेर कुणालाच माहीत नव्हतं की ते पांढरं नाही.

*

शेवटी वॉल्टरने तोडगा काढला. तो कोठारं आणि घरं रंगवायचं काम करायचा आणि भांडणात न पडता वस्तू हलवण्यात पटाईत होता. त्याने सरळ स्वयंपाकघरातलं टेबल उचलून लिल्याच्या खोलीत आणलं. खाटेला टेकवून ठेवल्यावर जेमतेम बसलं.

"आता सगळे जेवा इथेच," तो म्हणाला. "पहारा पण होईल."

एवढ्यात डिसामावशी आली. हातात केकचा डबा, आलुबुखाराचं सारण भरलेला थराथरांचा केक, लिल्याच्या प्रत्येक वाढदिवसाला ती करायची तोच. दारातच थबकली.

"वाढदिवस माझ्या बहिणीचा आणि तुम्ही तिच्या उशाशी मासे खाताय?"

"बस गं मावशी," आस्टा म्हणाली. "खुर्ची नाहीये, खाटेवर बस."

डिसा खाटेच्या कडेला बसली, चित्राकडे पाठ करून. ही गोष्ट कुणाच्या लक्षात आली नाही, कारण ती या खोलीत नेहमी तशीच बसायची.

सोल्वेग आत आली, हात धुऊन ताटावर बसली. तळलेला पिकरेल मासा, राईचा काळा पाव, लोणी. थोडा वेळ फक्त काटे काढण्याचं काम चाललं.

मग सोल्वेग म्हणाली, "ग्रिम, अर्धा तास लागेल मला. फार तर अर्धा."

"नाही."

"चित्र मी काढलंय."

"दिलंस ना?"

"दिलं."

"मग झालं तर."

"अरे, पण ते चुकलंय! तेहतीस वर्षं मला ठाऊक आहे की चुकलंय. दरवेळी इथे येते आणि पहिलं तेच डोळ्यात खुपतं. मला ते तेव्हाच झाकायचं होतं, गाडीची वेळ झाली म्हणून राहिलं."

वॉल्टर पावाला लोणी लावत म्हणाला, "मी ओलसनचं कोठार रंगवलं, आठवतं? हिरवं. आता मला वाटतं तो हिरवा जरा जास्तच झाला. पण उद्या शिडी घेऊन गेलो तर ओलसन कुत्रा सोडेल अंगावर."

सोल्वेगला हसू आलं. "तुझी आणि माझी अडचण एकच आहे म्हण की."

"माझ्या कोठारात गाई राहतात आत्या. त्यांची सवय झालीय रंगाची."

"पुसू दे तिला," डिसा म्हणाली.

सगळ्यांचे हात थांबले. डिसा सोल्वेगच्या बाजूने बोलली, हे या घरात आजवर घडलं नव्हतं. लिल्याच्या आजारपणात सोल्वेग दर रविवारी फोन करायची, आणि डिसा दर सोमवारी म्हणायची की फोनने पाठ चोळता येत नाही.

"पुसू दे, नाहीतर घेऊन जाऊ दे, नाहीतर चुलीत घालू दे." डिसाचा आवाज चढला नव्हता, म्हणूनच ऐकवत नव्हता. "आई गेल्यावर लिल्याला मी वाढवलं. वेण्या मी घातल्या. तीन वर्षं रोज मैलभर चालत इथे येत होते. आणि ती? ती या फळीकडे तोंड करून पडलेली. मी बोलतेय, ती हं म्हणतेय, आणि डोळे तिकडे. शेवटच्या दिवशीसुद्धा. काय होतं एवढं त्यात, जे माझ्या चेहऱ्यात नव्हतं?"

आस्टाने मावशीच्या पाठीवर हात ठेवला, तो तिने झटकला नाही.

मग आस्टा आत्याकडे वळली. "आत्या, एक विचारू? खरं सांगशील?"

"विचार."

"तुला ते चित्रासाठी पुसायचंय, की पुस्तकांसाठी? म्हणजे, लोकांनी लिहिलंय त्याच्याशी जुळावं म्हणून?"

ग्रिमुरने मान वर केली. पोरीने आत्याला असं विचारावं हे त्याला अपेक्षित नव्हतं.

सोल्वेगने हातातला काटाचमचा खाली ठेवला. "आधी कुणी विचारलंच नाही," ती म्हणाली, "आणि नंतर सांगायला फार उशीर झाला. लोक यायचे, म्हणायचे, पहिल्याच चित्रात तुम्ही सगळा रंग टाकून द्यायचं धाडस केलंत. मी गप्प बसायची. बाईला असं कौतुक सारखं मिळत नव्हतं त्या काळी." तिने हात पुसले. "चित्रासाठी की पुस्तकांसाठी, ते मला आता वेगळं करता येत नाही, आस्टा. प्रामाणिकपणे सांगते. दोन्हींचा गुंता झालाय."

ग्रिमुर उठला. खुर्ची बाजूला सारली.

"पेटी खिडकीत आहे," तो बहिणीला म्हणाला. "काढायचं तर काढ. मी बघणार नाही."

आणि कोट न घालताच बाहेर गेला.

*

किनाऱ्याशी बर्फ सुटला होता. काठाला हातभर पाणी, आणि पुढे पार क्षितिजापर्यंत काळवंडलेला, भोकं पडलेला बर्फ, ज्यावर आता माणूस काय, कोल्हाही पाय ठेवणार नाही. ग्रिमुरने या बर्फाखाली जाळी टाकण्यात पन्नास हिवाळे घालवले होते. बर्फ कधी सांभाळतो आणि कधी नाही हे त्याला पायाला कळायचं. माणसांचं तसं कळत नव्हतं. आपण उठलो ते चूक की बरोबर, याचा तो विचार करत होता. पण बसून राहिलो असतो तर चित्र राहिलं असतं आणि बहीण गेली असती, आणि लिल्याला ते आवडलं नसतं.

मागे गमबुटांचा आवाज आला. त्याचेच गमबूट, दोन मापं मोठे, फटक फटक.

"झालं?" त्याने वळून न बघता विचारलं.

"नाही."

"का?"

"डब्याचं झाकण निघत नाहीये."

"तुला झाकण काढता येत नाही?"

"येतं," सोल्वेग म्हणाली.

तिने त्याचा दुसरा कोट आणला होता, तो त्याच्या खांद्यावर टाकला. दोघं उभे राहिले. लांबवर बर्फाने कण्हल्यासारखा आवाज केला.

"ग्रिम, काय दिसायचं तिला त्यात? कधी बोलली का?"

"नाही."

"तू विचारलं नाहीस?"

"मी कशाला विचारू? बघत होती, बघू दे म्हटलं." तो जरा थांबला. "दुपार कलली की मला हाक मारायची. म्हणायची, खाट वळव जराशी. मी पायथ्याकडून ढकलायचो, एवढीशी. मग ती म्हणायची, बस. आणि पडून राहायची. अंधार पडेपर्यंत."

"रोज?"

"थंडीत रोज. ढग असले की नाही म्हणायची."

सोल्वेग त्याच्याकडे बघत राहिली. "म्हणजे उजेडासाठी."

"असेल. मला माशातलं कळतं." त्याने नाक पुसलं. "रात्री मी परत सरळ करायचो खाट. चाकं नाहीत तिला, फरशीवर ओरखडे उठलेत बघ."

ऊन पश्चिमेला झुकलं होतं आणि बर्फावरून उलटून घराच्या खिडक्यांवर पडत होतं. सोल्वेगने घराकडे पाहिलं, मग भावाच्या बाहीला धरलं.

"चल. मला दाखव."

*

टेबल परत स्वयंपाकघरात न्यावं लागलं. डिसा भांडी विसळत होती, तिने मान वळवली नाही. सोल्वेगने गमबूट काढले, कोट काढला आणि लिल्याच्या खाटेवर जाऊन आडवी झाली. आस्टाने काहीतरी बोलायला तोंड उघडलं, पण वॉल्टरने तिचा हात दाबला.

चादरीला साबणाचा आणि उन्हाचा वास होता. उशीत एक खळगा होता. सोल्वेगचं डोकं त्यात बसलं तेव्हा तिला कुणाच्यातरी जागेत शिरल्याची भीती वाटली, आणि क्षणभराने ती गेली.

"ढकल," ती म्हणाली.

ग्रिमुर पायथ्याशी वाकला. खाट करकरली, सरकली.

"आणखी?"

"तिच्याएवढंच कर."

"तिच्याएवढंच आहे हे."

सोल्वेगने डोळे उघडले.

बर्फावरून आलेला उजेड खिडकीतून खालून वर चढत होता आणि चित्रावर आडवा पडत होता. उभ्याने बघताना जे पट्टे एका सपाट भिंतीसारखे दिसत ते सुटे झाले होते. एक जवळ, एक त्याच्यामागे, एक खूप दूर. खालच्या पांढऱ्यात लाल रंगाची ऊब मिसळली होती. आणि लाल रंग वर तरंगत नव्हताच. तो तळाशी होता, आणि त्याच्यावर बर्फ धरलेला होता. त्या लाल रंगामुळेच वरचा सगळा पांढरा पसारा खोल झाला होता. तो झाकला असता तर मागे फळी उरली असती, पांढरी रंगवलेली.

तिला खोपटं आठवलं. तिथे ताठ उभं राहायला जागाच नव्हती, छतापर्यंत जाळी टांगलेली. माशांचं खोकं पालथं घालून, गुडघे छातीशी घेऊन ती बसायची आणि चित्र समोर भिंतीला टेकलेलं असायचं. शेजारच्या खोक्यावर लिल्या, मोठं पोट सांभाळत जाळं दुरुस्त करत. लिल्या बोलायची नाही. दोघी एकाच उंचीवरून एकाच गोष्टीकडे बघत असायच्या, सगळा जानेवारी, सगळा फेब्रुवारी. मग ग्रिमुरने ते इथे खिळ्याला लावलं, डोक्याच्या वर, आणि ती निघून गेली. त्यानंतर जितक्या वेळा आली तितक्या वेळा उभ्यानेच पाहिलं, दारातून, बहुतेकदा बॅग हातात असतानाच.

लिल्या तेवढी त्या जुन्या उंचीवर परत आली होती, या खाटेवर पडल्या पडल्या.

"ग्रिम," ती म्हणाली.

"हं?"

"हे बरोबर आहे."

"काय?"

"चित्र."

"ते मला माहीतच होतं."

"तुला कसं माहीत? तुला तर माशातलं कळतं."

"ती रोज बघायची ना," ग्रिमुर म्हणाला, जणू याहून जास्त काही सांगण्यासारखं नव्हतंच. मग बहिणीचा चेहरा बघून त्याने खिशातला रुमाल काढला, स्वच्छ आहे की नाही हे उलटसुलट तपासलं आणि तिच्या हातात दिला.

*

सोमवारी कलादालनाची मुलगी दोन माणसांना घेऊन आली. डेनीज तिचं नाव, चटपटीत, सोल्वेगच्या कामाचा अभ्यास केलेली. खोलीत शिरली आणि चित्रासमोर उभी राहिली.

"पण हे... फोटोत..."

"फोटोला रंग दिसत नव्हते," सोल्वेग म्हणाली. "मला दिसत होते, मी बोलले नाही. तू लिहिलेलं बदलावं लागेल, त्याबद्दल माफ कर."

डेनीजने गालावर हात ठेवले. वाईट वाटलं की आनंद झाला, तिचं तिलाच ठरवता येत नव्हतं. शेवटी म्हणाली, "थोडं नाही, सगळंच बदलावं लागेल." आणि हसली.

"आणि एक," ग्रिमुर मध्ये पडला. आजवर तो चित्राबद्दल कुणा परक्याशी बोलला नव्हता, त्यामुळे त्याने टोपी काढली. "ते इथे लावायचं." त्याने स्वतःच्या कमरेवर हात ठेवला. "ह्याच्या वर नाही."

"सगळी चित्रं एका उंचीवर असतात हो आमच्याकडे..."

"मग हे राहू दे घरी," सोल्वेग म्हणाली.

डेनीजने भावाकडे पाहिलं, बहिणीकडे पाहिलं. दोघांचं नाक एकसारखं होतं आणि दोघंही ढिम्म उभे होते. तिने कमरेची उंची मोजून घेतली.

सोल्वेग टोरांटोला परत गेली नाही. प्रदर्शनापर्यंत राहते म्हणाली, आणि वरच्या खोलीत बॅग रिकामी करून कपडे कपाटात लावले.

*

जूनमधल्या त्या संध्याकाळी डिसाला यायचंच नव्हतं. आस्टाने गाडी दारात आणून उभी केली आणि हॉर्न वाजवत राहिली, म्हणून आली. चांगला निळा झगा, हातात मोठी पर्स, चेहऱ्यावर दात उपटून घ्यायला निघालेल्या बाईचा भाव.

कलादालनात ही गर्दी. लोक हातात पेले घेऊन फिरत होते आणि पहिल्या भिंतीशी आले की गोंधळत होते. मोठ्या पांढऱ्या भिंतीवर एकच चित्र, तेही इतकं खाली. काहीजण वाकून बघत, काहीजण हसून पुढे जात. सोल्वेगला माणसांनी घेरलं होतं, ती कुणालातरी लाल रंगाबद्दल सांगत होती. ग्रिमुर लिल्याच्या दफनाला घातलेल्या सुटात भिंतीला चिकटून उभा होता.

डिसाने पाटी वाचली. लिल्याचं नाव होतं. अक्षरं बरोबर होती. तिने पर्स उघडली, मिटली. आजूबाजूला पाहिलं. मग, कुणाला काही कळायच्या आत, भिंतीला हात टेकून गुडघे वाकवले, आणि सहासष्ट वर्षांची ती जाडजूड बाई चकचकीत लाकडी जमिनीवर खाली बसली. झगा गुडघ्यांवर ओढून घेतला, पर्स मांडीवर ठेवली.

लोक बाजूला झाले. एकाला वाटलं तिला चक्कर आली, तो पाणी आणायला धावला.

डिसा बघत राहिली. पहिल्यांदा नुसते पट्टे दिसले. आई गेल्यानंतरच्या हिवाळ्यात शाळेतून येताना लिल्या थकायची, तेव्हा दोघी अशाच काठावर बसायच्या, एकाच शालीत, हे तिला कित्येक वर्षांत आठवलं नव्हतं. तेव्हाही लिल्या बोलायची नाही. डिसा बोलायची, आणि लिल्या हं म्हणत समोर बघत असायची, बर्फाकडे. तेव्हा डिसाला त्याचं काही वाटलं नव्हतं. खांद्याला खांदा लागलेला असायचा, तेवढं पुरे होतं.

पट्टे हळूहळू सुटे व्हायला लागले.

ग्रिमुर घाईने आला, वाकला. "डिसा, काय होतंय? उठवू का?"

"काही होत नाहीये."

"मग?"

"सरक जरा," डिसा म्हणाली. तिचा आवाज ओला होता, पण डोळे चित्रावरून हलले नाहीत. "उजेड अडवतोयस."

ग्रिमुर सरकला. क्षणभर तिथेच अवघडून उभा राहिला. मग कोटाची बटणं सोडली, एक गुडघा टेकला, दुसरा टेकला, आणि कण्हत कण्हत तिच्या शेजारी जमिनीवर बसला.